आईच्या पेवातली खपली

ओरवेचा निरोप, धाकट्या भावाला, तालसूला.
नदीकाठचं लांब घर. मळणीनंतरची पहिली पौर्णिमा.

तालसू,

हिस्को समोर बसलाय आणि दोरीला गाठी मारतोय. एक गाठ, एक गोष्ट. दहा दिवस चालून तो तुझ्यापुढे बसेल आणि गाठी सोडत बोलेल, ते माझंच बोलणं समज. आणि हिस्को, तूही ऐक. वाटेत माझं बोलणं मऊ करायचं नाही. मी ओरडले तिथे तूही ओरडायचं.

दोन कातडी पिशव्या पाठवतेय. त्यांत खपली गव्हाचं बियाणं आहे, आईच्या पेवातलं, सालीसकट.

मी काय करतेय हे तुला कळतंय का? आपल्यात बियाणं मुलीबरोबर जातं. आजी उगवतीकडच्या नदीवरून इथे नांदायला आली ती कमरेला बियाणं बांधून. तिच्याकडून आई शिकली, आईकडून मी. मुलगे गुरं नेतात, कुऱ्हाड नेतात, बियाणं नेत नाहीत. त्यात तू रानातल्या लोकांत घरजावई होऊन बसलास, जिथे आजवर कुणी वीतभर जमीन खणलेली नाही. काकांना कळलं तर ते पेवाचं झाकण माझ्या हातून काढून घेतील. आणि जिच्या हातात झाकण नाही तिला अख्ख्या कुळाच्या या लांब घरात सगळ्यांच्या शेवटी वाढतात, हे तू लहानपणापासून पाहिलंयस.

तरी देतेय. गेल्या हिवाळ्यात तुमच्याकडे मासे आले नाहीत आणि तुम्ही कातडी उकळून तिचं पाणी प्यायलात, हे हिस्कोनं सांगितलं. आता तुझ्या बायकोला, मीखाला दिवस गेलेत. तिला पुढच्या हिवाळ्यात कातड्याचं पाणी पाजलंस तर मी तिथे येऊन तुझे कान उपटीन.

बियाणं कोरडं ठेव. ओल लागू देऊ नकोस, उंदीर लागू देऊ नकोस, कीड तर मुळीच लागू देऊ नकोस. बर्फ जाऊन माती मुठीत सुटी व्हायला लागली की पेर. एवढं तरी जमेल ना?

तालसूचा निरोप, ओरवेताईला.
समुद्राकाठ. उन्हाळ्यातली दुसरी अमावास्या.

ताई,

एक कोंब आला नाही. एकसुद्धा नाही!

मी बारा झाडं पाडली. मुळं जाळली. खणून खणून हाताची सालं निघाली. वसंतात मासे किनाऱ्याला येतात तेव्हा इथला प्रत्येक पुरुष पाण्यात असतो, आणि मी एकटा चिखलात काठीने भोकं पाडत होतो. दोन्ही पिशव्या पेरल्या. राखण केली. आता त्या जमिनीवर फक्त गवत आहे.

रानातली माणसं रोज येऊन उभी राहतात. ‘काय तालसू, तुझी जमीन कधी विते?’ मीखाचा मामा तर काल एक मेलेला मासा पुरून गेला. म्हणतो, बघू माझा आधी उगवतो की तुझं. सगळे पोट धरून हसले. मीखा हसली नाही, पण खाली बघत राहिली, ते जास्त लागलं. मुलगी झालीय आम्हाला. गोरीपान आहे, तुझ्यासारखी कर्कश रडते. मासेमारीला गेलो नाही म्हणून सुकवलेल्या माशांत माझा वाटा नाही. या पोरीच्या आईला हिवाळ्यात काय घालू?

तू मेलेलं बियाणं पाठवलंस. मी निघालो तेव्हा काका काय म्हणाले होते ते मी विसरलो नाही: ‘उपाशी राहिला की येईल शेपूट घालून.’ डोकं त्यांचं आणि हात तुझे. द्यायचं नव्हतं तर नाही म्हणायचं होतंस. एवढी दोन पिशव्यांची नाटकं कशाला केलीस?

ओरवेचा निरोप, तालसूला.
लांब घर. जवस फुललं आहे तो महिना.

तालसू,

हिस्को तुझ्या गाठी सोडत होता तेव्हा मी पाट्यावर दळत होते. तू दहा दिवसांच्या वाटेवर आहेस हे तुझं नशीब, नाहीतर वरवंटा तुझ्याच डोक्यात घातला असता.

मेलेलं बियाणं? मी पाठवलं? अरे, आई गेली तेव्हा तू चार वर्षांचा होतास. माझ्या वाटणीचं दूध पिऊन मोठा झालास आणि आता त्याच तोंडानं हे बोलतोस? पिशव्या भरायच्या आधी त्यातले मूठभर दाणे मी ओल्या शेवाळात ठेवून पाहिले होते. तिसऱ्या दिवशी सगळ्यांना कोंब होते. मी बघितल्याशिवाय बियाणं कुणालाच देत नाही, शत्रूलाही देणार नाही.

आता इथलं ऐक. काकांनी पेव उघडलं तेव्हा त्यांना खळगा दिसला. त्यांनी विचारलं, मी सांगितलं. खोटं बोलायची मला लाज वाटली, तुला आरोप करायची वाटली नाही. सगळ्या घरासमोर त्यांनी माझ्या हातातलं झाकण घेतलं आणि चुलत वहिनीला दिलं. ती बाई बियाणं आणि दळायचं धान्य एकाच टोपलीत ठेवते! मी बघत राहते आणि माझ्या अंगाची लाहीलाही होते. मला आता शेवटचं वाढतात. असो. त्याचं मला काही नाही.

पण तुझ्या जिभेचं आहे. म्हणून एक काम कर. पिशवीच्या शिवणीत चार दाणे अडकून राहिले असतील. एक सोल आणि दाताखाली धर. जिवंत दाणा चिवट असतो, दाताला अडतो. तुझा कसा आहे ते सांग. हे मला तुला शिकवावं लागतंय, कारण बियाणं बायकांचं काम म्हणून तू कधी पेवाकडे मान वळवून पाहिलं नाहीस. आता पाहा.

तालसूचा निरोप, ओरवेला.
समुद्राकाठ. उन्हाळ्यातली चौथी पौर्णिमा.

ओरवे,

ताई म्हणत नाही, हे लक्षात आलं असेल.

शिवणीत सात दाणे सापडले. एक सोलून दाताखाली धरला. कट्कन तुटला. गोड लागला. दुसरा धरला, तसाच. सातही तसेच. बायकांचं काम मला येत नसेल, पण भाजलेला दाणा कसा लागतो हे मला कळतं. तू बियाणं भाजून पाठवलंस. नुसतं जुनं नाही, आपोआप मेलेलंही नाही, मुद्दाम भाजलेलं.

इथे काही झालं असेल असं म्हणायचा विचारही करू नकोस. मी हिवाळाभर बर्फावर सीलच्या शिकारीवर होतो, पण पिशव्या सासूबाईंच्या, येस्काबाईंच्या ताब्यात होत्या. त्यांनी त्या आपल्या हेझेलच्या बियांशेजारी ठेवल्या. त्या टणक कवचाच्या बियांवर इथली माणसं अर्धा हिवाळा काढतात, आणि त्यांच्याइतकं त्या कुणी सांभाळत नाही. तुझी खपली त्यांनी त्या बियांच्या बरोबरीनं सांभाळली. एक किडा लागू दिला नाही. परक्या बाईनं इतकं केलं आणि सख्ख्या बहिणीनं काय केलं?

त्यांना मी दाण्याचं सांगितलंही नाही. कोणत्या तोंडानं सांगणार? त्या रोज मीखाकरवी विचारतात, ‘तुझी बहीण बरी आहे ना?’ मी मान हलवतो.

यापुढे मला निरोप पाठवू नकोस. मला बहीण नाही.

ओरवेचा निरोप, तालसूला.
लांब घर. कापणीआधीची अमावास्या.

तालसू,

पाठवू नकोस म्हणालास, म्हणून पाठवतेय. हिस्को, हा ऐकायचा नाही म्हणाला तर त्याच्या छातीवर बस आणि बोल.

तुझी शेवटची गाठ सुटली तेव्हा मी एकदम गप्प झाले. मी गप्प झालेली हिस्कोनं आयुष्यात पाहिली नव्हती. तो घाबरला, आणि घाबरून त्यानं एक गोष्ट ओकली. गेल्या वर्षी पिशव्या नेताना अर्ध्या वाटेवर, ओढ्याच्या उतारापाशी तो मुक्कामाला थांबला होता. एका पिशवीला भोक पडलं होतं. काही दाणे सांडले. मी ओरडेन म्हणून त्यानं भोक शिवलं आणि मूग गिळून बसला. आणि आता येताना म्हणे त्याच जागी खपली उभी आहे. कमरेएवढी, ओंब्या धरलेली. कुणी खणलं नाही, कुणी राखलं नाही.

ऐकलंस? त्याच पिशवीतलं बियाणं. माझ्या हातून निघालं तेव्हा जिवंत होतं, अर्ध्या वाटेवर जिवंत होतं. भाजलं गेलं ते पुढे, तुझ्या दारात.

सात दाणे चावलेस, पण पेरण्याआधी एक चावला नाहीस! कातडी पिशवीला धुराचा वास आला असेल, तोही तुला कळला नाही. वसंतात एक दाणा तोंडात टाकला असतास तर ती बारा झाडं आज उभी असती आणि तू इतरांबरोबर मासे मारून आला असतास. दुसऱ्या दिवशी निरोप पाठवला असतास तर मी काहीतरी करू शकले असते, तेव्हा झाकण माझ्याकडे होतं. ते सोडून तू बहिणीला चोर ठरवायला निघालास.

आता जा आणि सासूबाईंना एवढंच विचार: हेझेलच्या बियांना हिवाळाभर कीड लागत नाही, ते त्या काय करतात म्हणून? नीट विचार. आवाज चढवू नकोस. मला उत्तर माहीत आहे, पण ते तुझ्या तोंडून ऐकायचंय.

तालसूचा निरोप, ओरवेताईला.
समुद्राकाठ. कापणीनंतरची पौर्णिमा.

ताई,

वाळूत भाजतात.

खड्डा खणून त्यात वाळू, वर दिवसभर जाळ, मग वाळू तापली की बिया त्यात घालून झाकतात. कवच काळं पडत नाही. पुन्हा कधी कीड लागत नाही. तुझा पहिला निरोप हिस्कोनं त्यांच्याच झोपडीत बसून सांगितला होता. ओल लागू देऊ नकोस, कीड लागू देऊ नकोस. मीखानं तो त्यांच्या भाषेत करून सांगितला. मी सीलच्या मागे गेलो आणि त्यांनी तसंच केलं. स्वतःच्या बियांना ठेवलेली वाळू त्यांनी आधी तुझ्या खपलीला वापरली, पाहुण्याचं पहिलं म्हणून.

आवाज चढवू नकोस म्हणाली होतीस. मी चढवला. सगळ्या वस्तीसमोर त्यांना चेटकीण म्हणालो. म्हणालो, माझ्या पोरीचा घास तुम्ही जाळला. त्या उठल्या. आत गेल्या, माझं अंथरुणाचं कातडं आणलं आणि बाहेर फेकलं. आता मी होडीत झोपतो. मीखा रोज पोरीला किनाऱ्यापर्यंत आणते आणि लांबून दाखवते. मामा म्हणतो, याला मासा पुरला तिथेच पुरा.

तुला जे बोललो ते मागे घेतो. पण राग जात नाही, ताई. आता तो कुणावर काढू तेच कळत नाही. हिवाळा तोंडावर आहे. मूठभर तरी बियाणं पाठव. मागायचं तोंड नाही, तरी मागतोय.

ओरवेचा निरोप, विहीणबाईंना, येस्काबाईंना.
लांब घर. पानं पिवळी पडायला लागली आहेत.

विहीणबाई,

आमची आई नाही, म्हणून तिच्या जागी मी बोलते. मीखानं हे तुमच्या भाषेत करून सांगावं. तालसूनं जवळ बसून ऐकलं तरी चालेल, पण त्यानं मध्ये तोंड उघडायचं नाही.

तुम्ही बियाणं भाजलंत हे कळलं तेव्हा मी तुम्हालाही बोलले. इथे, एकटीच, पाट्यासमोर बसून, जे तोंडाला येईल ते. दोन दिवस बोलत होते. मग आठवलं की कीड लागू देऊ नकोस हे माझंच वाक्य. दाण्यात जीव असतो आणि आगीनं तो जातो, हे मी सांगितलंच नाही. आमच्याकडे चार वर्षांच्या मुलीलाही ते माहीत असतं, म्हणून सांगायचं सुचलं नाही. तेव्हा तुम्हाला जे बोलले त्यातलं अर्धं माझं मलाच लागू आहे. उरलेलं तालसूचं.

पेव आता माझ्या हातात नाही. म्हणून मी ओढ्यावर गेले, पाच दिवस चालून. पाखरांनी बरंच खाल्लं होतं. सतरा ओंब्या मिळाल्या. काकांनी विचारलं, कुठे होतीस. मी म्हटलं, जिथे तुमचं झाकण चालत नाही तिथे. या ओंब्या काकांच्या नाहीत आणि वहिनीच्याही नाहीत. त्या वाटेवर उगवल्या आणि मी तोडल्या, म्हणून मी त्या तुम्हाला देते.

तालसूच्या हातात देऊ नका. तुमच्याजवळ ठेवा, आगीपासून लांब. पेरण्याआधी एक दाणा दाताखाली धरून बघा, चिवट लागला पाहिजे. त्यानं तुम्हाला जे म्हटलं त्याबद्दल त्याला हवा तेवढा काळ होडीत ठेवा, माझी काही हरकत नाही.

माझी काळजी करू नका. मी मजेत आहे. खायला भरपूर आहे.

*(ही शेवटची गाठ ओरवेची नाही, माझी, हिस्कोची. बाई खोटं बोलते. तिला उरलंसुरलं वाढतात आणि बऱ्याचदा काही उरतच नाही. पोट पाठीला लागलंय. पाच दिवस चालत गेली, आणि परत येताना पाच दिवसांत त्या सतरा ओंब्यांतला एक दाणा तिनं खाल्ला नाही. मी गाठी मऊ करत नाही, पण हे न सांगता राहवलं नाही.)*

येस्काचा निरोप, ओरवेला.
समुद्राकाठ. पहिल्या बर्फाआधी.

पोरी,

मीखा बोलतेय, शब्द माझे आहेत.

तुझा भाऊ मला सगळ्यांसमोर चेटकीण म्हणाला. आमच्याकडे असं म्हणणाऱ्याला होडीत बसवून समुद्रात सोडून देतात. मी त्याला होडीत बसवलं, पण होडी बांधून ठेवली. थंडी वाढली तेव्हा आत घेतलं. अजून त्याच्याशी बोलत नाही. हवं ते बोटानं दाखवते, तो आणून देतो. असा तो बरा आहे.

तुझ्यावरही मी चिडलेय. एवढ्या गाठी बांधल्यास, दाण्यात जीव आहे हे सांगायला एक गाठ जड झाली? आयुष्यभर मी भाजत आलेय. माझ्या भाजलेल्यावर या वस्तीतली पोरं जगली. माझ्या हातून आजवर कुणाचं काही मेलं नव्हतं. तुझी खपली मी मारली आणि तेही लाड करता करता. हे मला मरेपर्यंत डाचणार आहे, आणि ते तू एका गाठीत वाचवू शकली असतीस.

सतरा ओंब्या मी गळ्यात बांधून ठेवल्या. चूल पेटवायची तेव्हा बाहेर मीखाकडे द्यायची. मग हिस्कोला विचारलं, ओढ्यावर तुझं सांडलं केव्हा? म्हणाला, पानं गळताना. मग वसंताची वाट कशाला बघायची? तालसू म्हणाला, आमच्यात असं करत नाहीत. मी त्याला बोटानं जमीन दाखवली. तो खणायला लागला. प्रत्येक ओंबीतला एक दाणा मी चावून बघितला. चिवट होता.

उगवलंय. बोटभर, हिरवं. मीखाचा मामा बघायला आला आणि हसायचं विसरला. त्यानंच मग हरणांसाठी काटेरी कुंपण घातलं. मी तिथेच बसते, नातीला मांडीवर घेऊन. बियाणं मुलीबरोबर जातं असं तू पहिल्या निरोपात म्हणाली होतीस. मग हे हिचं आहे. तालसूला मी सांगून टाकलंय, तू फक्त खणायचं.

आता तुझं. हिस्कोची गाठ मी ऐकली. खायला भरपूर आहे म्हणे! भाऊ तोंडावर शिव्या देतो, तू तोंडावर खोटं बोलतेस. तुम्ही दोघं एकाच आईची दिसता. मला तुझ्या खोट्याचा जास्त राग आला.

हिस्कोच्या पाठीवर तीन पिशव्या दिल्यात. हेझेल आहे, या वर्षाची. मी स्वतः भाजलीय, तापलेल्या वाळूत, एकही दाणा कच्चा नाही. काकांना देऊ नकोस. झाकणवालीला तर मुळीच नको. पेवात ठेवू नकोस, कुणाला पुढे पाठवू नकोस, पेरू नकोस. यातून काही उगवणार नाही, पोरी. हिस्कोसमोर बस आणि खा.